वस्तीतलं उन्हाळी शिबिर: कृष्णवर्णीय मुलांसाठी सहा आठवडे कसे आखावेत

अमेरिकेत मे अखेरीस किंवा जूनमध्ये शाळा सुटल्या की मुलं पार ऑगस्टपर्यंत, काही राज्यांत सप्टेंबरपर्यंत, घरी असतात. एवढे आठवडे त्यांना ठेवायचं कुठे, हा घोर तिथल्या नोकरदार आईबापांना एप्रिलपासूनच लागतो. पैसेवाल्यांसाठी घोडेस्वारीपासून रोबोटिक्सपर्यंत सगळी शिबिरं आहेत. बाकीच्यांसाठी चर्चचं तळघर, वस्तीतलं कम्युनिटी सेंटर किंवा सुट्टीत रिकामी पडलेली शाळा.

कृष्णवर्णीय समाजात अशा शिबिरांना शंभर वर्षांची परंपरा आहे. मॅसॅच्युसेट्समधलं कॅम्प ॲटवॉटर रेव्हरंड विल्यम डीबेरी यांनी १९२१ साली सुरू केलं. १९६४ च्या उन्हाळ्यात मिसिसिपीत मतदार नोंदणीच्या चळवळीसोबत ‘फ्रीडम स्कूल’ भरल्या. चार्ली कॉब या तरुण कार्यकर्त्याची ती कल्पना. चाळीसच्या वर शाळा आणि दोन हजारांहून जास्त विद्यार्थी, तेही जिथे कृष्णवर्णीयांनी मताचा हक्क मागणं जिवावर बेतत होतं अशा राज्यात. मेरियन राइट एडलमन यांनी १९७३ मध्ये स्थापन केलेली चिल्ड्रन्स डिफेन्स फंड ही संस्था १९९० च्या दशकापासून त्याच नावाने सहा आठवड्यांचे उन्हाळी वर्ग चालवते. वस्तीत नवं शिबिर काढणारे अनेक जण आज तोच साचा समोर ठेवतात.

मी अशाच एका शिबिराचं स्वयंपाकघर आणि हिशेब सांभाळते. आपल्या मराठी मंडळातली माणसं अधूनमधून विचारतात, आम्हालाही काही करता येईल का, कुठून सुरुवात करायची? त्यांच्यासाठी हे लिहिते आहे. यातलं बरंचसं मी तिथल्या बायकांकडून शिकले.

सुरुवातीलाच: दुरुस्ती कोणाची?

‘या मुलांना आत्मविश्वास नसतो, तो आपण द्यायचा’ अशा समजुतीने येणारा स्वयंसेवक पहिल्याच आठवड्यात आपटतो. केनेथ आणि मेमी क्लार्क या मानसशास्त्रज्ञ दांपत्याचा बाहुल्यांचा प्रयोग पुष्कळांनी ऐकलेला असतो. १९४० च्या आसपास त्यांनी लहान कृष्णवर्णीय मुलांपुढे गोऱ्या आणि सावळ्या बाहुल्या ठेवल्या, आणि बऱ्याच मुलांनी गोरी बाहुली ‘छान’ ठरवली. शाळांमधला वर्णभेद घटनाबाह्य ठरवणाऱ्या १९५४ च्या ब्राउन खटल्याच्या निकालात क्लार्क यांच्या कामाचा दाखला आहे. पण विल्यम क्रॉससारख्या अभ्यासकांनी पुढे दाखवून दिलं की समाजाने कोणाला वरचं मानलं आहे हे मुलाला कळणं वेगळं आणि स्वतःला कमी लेखणं वेगळं. अमेरिकेतल्या स्वाभिमानाच्या पाहण्यांचे निष्कर्ष एकत्र करून तपासले तेव्हा कृष्णवर्णीय मुलांचे सरासरी गुण गोऱ्या मुलांपेक्षा थोडे जास्तच निघाले.

मग शिबिर कशासाठी? त्या मुलांकडे बघण्याची बाहेरच्या जगाची नजर वाकडी आहे म्हणून. २०१३-१४ च्या सरकारी आकडेवारीनुसार सार्वजनिक बालवाड्यांत कृष्णवर्णीय मुलं १९ टक्के होती. पण बालवाडीतून निलंबित केलेल्यांत ती ४७ टक्के होती. बालवाडीतून निलंबन! चार वर्षांच्या पोराने असं काय दिवे लावले असतील? जॉर्जटाउन विद्यापीठाच्या २०१७ च्या अभ्यासात आढळलं की मोठी माणसं कृष्णवर्णीय मुलींना वयाच्या पाचव्या वर्षापासूनच गोऱ्या मुलींपेक्षा ‘कमी निरागस’ समजतात. तेव्हा शिबिराने मुलांना दुरुस्त करायचं नाही. त्यांना लहान मूल म्हणून राहू द्यायचं आणि खरं काम हातात देऊन ते चारचौघांत करू द्यायचं. पुढच्या सगळ्या पायऱ्या या एकाच हिशेबाने मांडल्या आहेत.

पायरी १: मालकी कोणाची ते ऑक्टोबरातच ठरवा

शिबिर जूनमध्ये असेल तर पहिली बैठक ऑक्टोबरात व्हायला हवी. त्या बैठकीत पाद्रीबाबा, वस्तीतली ग्रंथपाल, एक-दोन आज्या, एखादा केशकर्तनालयवाला, मुलांच्या आया आणि किमान दोन किशोरवयीन मुलं असावीत. केशकर्तनालयवाला कशाला, असं वाटेल. वस्तीतल्या प्रत्येक मुलाचं घर, आजी आणि भानगडी त्याला माहीत असतात. संचालक कृष्णवर्णीय समाजातलाच हवा, आणि निर्णयाचा शेवटचा शब्दही त्याचाच किंवा तिचाच.

आपल्यासारख्या बाहेरच्यांनी मागची कामं घ्यावीत. हिशेब, अर्ज, गाडी चालवणं, भाजी चिरणं, संगणक दुरुस्ती यांतलं काहीही. फोटोत पुढे उभं राहू नये. आणि एक कडू गोष्ट लिहितेच. आपल्यातले कित्येक जण मराठीत किंवा हिंदीत त्या मुलांबद्दल त्यांच्यासमोरच ‘काळे’, ‘कल्लू’ म्हणून बोलतात, त्यांना काय कळतंय म्हणून. त्यांना कळतं. सूर कळतो, नजर कळते, आणि आता फोनवर शब्दही कळतो. घरात ‘मुलगी सावळी आहे पण नाकीडोळी नीटस’ म्हणणाऱ्यांनी तर शिबिरात पाय ठेवण्याआधी स्वतःच्या घरातच चार दिवस कान देऊन बसावं.

आपलं नातं सांगायचंच असेल तर सांगण्यासारखं पुष्कळ आहे. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ हे पुस्तक अमेरिकेतली गुलामी संपवण्यासाठी झटलेल्या लोकांना अर्पण केलं. बाबासाहेब आंबेडकर न्यूयॉर्कला हार्लेम या कृष्णवर्णीय वस्तीच्या शेजारीच कोलंबिया विद्यापीठात शिकले, आणि १९४६ मध्ये त्यांनी कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. डु बॉइस यांना पत्र लिहिलं. १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली ती कॅलिफोर्नियातल्या ओकलंडच्या ब्लॅक पँथर या कृष्णवर्णीयांच्या पक्षावरून नाव घेऊन. पंधरा-सोळा वर्षांच्या मुलांना हे ऐकायला आवडतं. पण त्यांनी विचारलं तर. आपण होऊन भाषण ठोकायचं नाही.

पायरी २: जागा, परवाने आणि जेवण

परवान्याचे नियम राज्यागणिक बदलतात, तेव्हा राज्याच्या बालसंगोपन खात्याला जानेवारीतच फोन करा. विमा, प्रत्येक मोठ्या माणसाची पोलिस पार्श्वभूमी तपासणी, प्रथमोपचाराचं प्रशिक्षण आणि ‘कोणताही मोठा माणूस मुलासोबत एकटा नाही’ हा नियम, या चार गोष्टींत तडजोड नाही. दमा कृष्णवर्णीय मुलांमध्ये जास्त आढळतो; म्हणून कोणाचा इन्हेलर कोणत्या पिशवीत आहे याची यादी भिंतीवर नको, पण गटप्रमुखाच्या खिशात हवीच.

किती मुलांमागे किती माणसं, यासाठी अमेरिकन कॅम्प असोसिएशनचं प्रमाण वापरा. दिवसाच्या शिबिरात सहा ते आठ वर्षांच्या आठ मुलांमागे एक, नऊ ते चौदाच्या दहा मुलांमागे एक. पहिल्या वर्षी चाळीस मुलांच्या पुढे जाऊ नये, असं माझं मत. शंभर मुलांचं शिबिर म्हणजे निम्मा वेळ मुलं मोजण्यात जातो.

जेवणाचा खर्च सर्वांत मोठा वाटतो, पण तो बराचसा भागवता येतो. केंद्र सरकारच्या शेती खात्याची उन्हाळी भोजन योजना १८ वर्षांपर्यंतच्या मुलांना फुकट जेवण देणाऱ्या केंद्रांना ताटामागे पैसे देते. ज्या भागातली किमान निम्मी मुलं शाळेत मोफत किंवा सवलतीच्या जेवणाला पात्र आहेत, तिथे केंद्र सर्वांसाठी खुलं ठेवता येतं. कोणाला उत्पन्नाचा दाखला मागावा लागत नाही. लहान शिबिराने स्वतः प्रायोजक, म्हणजे योजनेचा कारभार आणि हिशेब अंगावर घेणारी संस्था, होण्याच्या फंदात पडू नये. शाळा मंडळ किंवा फूड बँक आधीच प्रायोजक असते, तिच्या छत्राखाली केंद्र म्हणून नाव नोंदवावं. हे फेब्रुवारी-मार्चमध्येच करा.

मुलांना खाऊ घालून मग शिकवणं हीही जुनी रीत आहे. ब्लॅक पँथर पक्षाने १९६९ मध्ये ओकलंडच्या एका चर्चमध्ये मुलांना मोफत न्याहारी सुरू केली. आमच्याकडे न्याहारीच्या वेळी कामाचं काहीच बोलायचं नाही असा शिरस्ता आहे. रात्री घरी काय झालं असेल ते मूल आधी दुधात बुडवून खातं, मग बोलतं.

पायरी ३: माणसं निवडा, आणि त्यांना पगार द्या

गटप्रमुख म्हणून कॉलेजातली मुलंमुली घ्या. जवळपास हॉवर्ड, स्पेलमन, मोरहाऊस किंवा नॉर्थ कॅरोलिना ए अँड टी यांसारखी, मुळात कृष्णवर्णीयांसाठी स्थापन झालेली ऐतिहासिक विद्यापीठं असतील तर तिथल्या शिक्षणशास्त्र विभागाला डिसेंबरातच लिहा. नऊ वर्षांच्या मुलाला पंचेचाळीस वर्षांच्या यशस्वी डॉक्टरचं अप्रूप फारसं नसतं. आपल्याच गल्लीतून गेलेला, वीस वर्षांचा, दाढी नुकती फुटलेला दादा पुस्तक वाचताना दिसला की ते मूल टक लावून बघतं. या मुलांना फुकट राबवू नका. बऱ्याच शहरांत किशोरांसाठी उन्हाळी रोजगार योजना असते. चौदा ते अठराच्या मदतनीसांचा पगार तिथून निघतो.

प्रशिक्षण किमान एक आठवड्याचं हवं. त्यात तीन गोष्टी घोटून घ्या.

नावं: प्रत्येक मुलाचं नाव त्याची आई म्हणते तसंच म्हणायचं. नाव लांब वाटलं म्हणून तोडायचं नाही, टोपणनाव लावायचं नाही. आणि मोठ्यांना मुलं ‘मिस’ किंवा ‘मिस्टर’ लावून हाक मारतील, आपल्याकडे ताई-दादा म्हणतात तशी. अमेरिकेच्या दक्षिणेत याला इतिहास आहे, तिथे गोरे लोक कृष्णवर्णीयांना अशी मानाची हाक मारत नसत. १९६३ मध्ये अलाबामाच्या न्यायालयात वकिलाने मेरी हॅमिल्टन या कार्यकर्तीला नुसतं ‘मेरी’ म्हटलं, तेव्हा ‘मिस हॅमिल्टन’ म्हटल्याशिवाय उत्तर देणार नाही असं तिने ठणकावलं. तिला दंड आणि कैद झाली. सर्वोच्च न्यायालयाने १९६४ मध्ये तो निकाल फिरवला.

शिस्त: ‘उद्यापासून येऊ नको’ हे वाक्य कोणाच्याही तोंडी येता कामा नये. मूल उसळलं तर एक मोठा माणूस त्याच्याबरोबर बाहेर चालायला जातो, पाणी देतो आणि दहा मिनिटं काही विचारत नाही. मारामारी झाली तर दोघांनी मिळून करायचं काम द्या, खुर्च्या लावणं किंवा फळं धुणं. आई-वडिलांना फोन पहिल्या आठवड्यात चांगल्या कारणासाठी जायला हवा. शाळेचा नंबर दिसला की ज्या आयांच्या पोटात गोळा येतो, त्यांना ‘तुमच्या मुलाने आज लहानग्यांना वाचून दाखवलं’ एवढंच सांगणारा फोन करून बघा.

स्तुती: ऊठसूट ‘शाब्बास, हुशार आहेस’ नको. काय केलं ते नेमकं सांगा. ‘तू तिसऱ्या पानावर अडलास, मागे गेलास आणि पुन्हा वाचलंस’, एवढं पुरतं.

पायरी ४: सकाळचा अर्धा तास

फ्रीडम स्कूलच्या साच्यातला हा सर्वांत नावाजलेला भाग. त्याला ‘हरांबे’ म्हणतात. हा स्वाहिली शब्द आहे, ‘चला, मिळून ओढू’ अशा अर्थाचा. सगळे गोल उभे राहतात. पहिली पाच-सात मिनिटं घोषणा आणि टाळ्यांचा ठेका, प्रत्येक गटाची स्वतःची घोषणा. मग वस्तीतला एखादा पाहुणा पुस्तक मोठ्याने वाचून दाखवतो आणि मुलं त्याला प्रश्न विचारतात. मग गाणं, मग मिनिटभर शांतता, शेवटी दिवसाच्या सूचना.

पाहुणे निवडताना शोभेची माणसं बोलावू नका. आमच्याकडे बसचालक, नर्स, नळदुरुस्तीवाला, न्यायाधीशबाई असे सगळे येऊन गेले. बसचालक अडखळत वाचत होता आणि दोनदा थांबून म्हणाला, ‘हा शब्द मला येत नाही, कोणाला येतो?’ पाच हात वर गेले. त्या दिवसापासून आमच्या एका मुक्या गटाला कंठ फुटला.

ठेका धरायचं काम मोठ्यांनी पहिले तीनच दिवस करावं. चौथ्या दिवसापासून मुलं चालवतात. बारा-तेरा वर्षांची मुलं आधी भिंतीला टेकून, हाताची घडी घालून, ‘हे बाळबोध आहे’ असा चेहरा करून उभी राहतात. त्यांना ओढू नका. त्यांच्याकडे ढोल द्या.

पायरी ५: पुस्तकं आणि इतिहासाचा क्रम

बालसाहित्याच्या अभ्यासक रुडीन सिम्स बिशप यांनी १९९० मध्ये मांडलं की पुस्तक मुलाला स्वतःला बघायला आरसा हवं आणि दुसऱ्यांचं जग बघायला खिडकीही हवी. आरशासाठी पुस्तकं निवडताना एक चूक सर्रास होते. सगळी पुस्तकं गुलामगिरी आणि मोर्च्यांची असतात. मूल वैतागून म्हणतं, ‘आमच्या गोष्टीत नेहमी कोणीतरी मरतं.’ म्हणून कपाटात निम्मी पुस्तकं साध्या मजेची ठेवा, जिथे कृष्णवर्णीय मुलगा हेर आहे, मुलगी अंतराळात जाते, आजोबांचा कुत्रा हरवतो. रोज पंधरा मिनिटं सगळ्यांनी, स्वयंपाकीणबाईंसकट, हातातलं काम टाकून वाचायचं. मीही बसते.

इतिहास गुलामांच्या जहाजापासून सुरू करू नका. आधी वस्ती, मग राज्य, मग देश, मग आफ्रिका आणि शेवटी पुन्हा वस्ती असा फेरा ठेवा. माणसं सांगताना त्यांचं काम सांगा. बेसी कोलमनला अमेरिकेत कोणी विमान शिकवेना, म्हणून ती फ्रेंच शिकून फ्रान्सला गेली आणि १९२१ मध्ये वैमानिकाचा परवाना घेऊन आली. ‘ती शूर होती’ म्हणून मुलांना सोडू नका. तिला फ्रेंच का शिकावं लागलं आणि प्रवासाचे पैसे कुठून आणले असतील, हे त्यांनाच शोधायला लावा.

पायरी ६: आजी-आजोबांच्या मुलाखती

एकच मोठा उपक्रम करता येणार असेल तर हा करा. १९१० ते १९७० या काळात सुमारे ६० लाख कृष्णवर्णीय माणसं दक्षिण सोडून उत्तरेला आणि पश्चिमेला गेली. जेकब लॉरेन्स या चित्रकाराने तेविसाव्या-चोविसाव्या वर्षी, १९४०-४१ मध्ये, या स्थलांतराची ६० चित्रं काढली. तो स्वतः हार्लेममध्ये मुलांसाठीच्या अशाच एका वस्तीकेंद्रात रंग धरायला शिकला होता. हे सांगितल्यावर आमच्या एका मुलाने विचारलं होतं, ‘म्हणजे आपल्यासारख्या खोलीत?’ हो, साधारण तशाच.

पहिल्या आठवड्यात मुलांनी त्या चित्रांच्या प्रतींकडे नुसतं बघायचं. कोण कुठे चाललंय, हातात काय आहे, चेहरे का नाहीत. दुसऱ्या आठवड्यात घरून एकेक नाव आणायचं, आजी, पणजी, कोणीही, आणि ते गाव नकाशावर दोऱ्याने जोडायचं. उत्तरेतल्या शहरात असाल तर सगळे दोरे खाली मिसिसिपी, अलाबामा, जॉर्जियाकडे धावतात. दक्षिणेत असाल तर काही दोरे नुसते पुढच्या गावापर्यंत जातात. तेही सांगण्यासारखंच आहे, कारण राहिलेल्यांचीही एक गोष्ट असते. ज्यांची घरं कॅरिबियन बेटांवरून किंवा नायजेरिया, इथिओपियातून अलीकडे आली, त्यांचा दोरा समुद्रापार जाऊ द्या. सगळी कृष्णवर्णीय मुलं एकाच इतिहासाची नसतात, हे शिबिरातच कळलेलं बरं. दत्तक मुलं, सरकारने दुसऱ्या कुटुंबाकडे सांभाळायला दिलेली मुलं यांना ‘घरचं नाव आण’ म्हणणं जड जातं. त्यांना वस्तीतली कुठलीही आवडती मोठी व्यक्ती निवडू द्या, आणि ही मुभा सर्वांनाच द्या म्हणजे कोणी वेगळं पडत नाही.

तिसऱ्या आठवड्यात प्रश्न तयार करायचे. ‘तुम्हाला वर्णभेद सोसावा लागला का?’ हा प्रश्न मुलं हमखास लिहितात. तो पहिला नको. पहिले प्रश्न बारीक हवेत: शाळेत कसं जायचात, डब्यात काय असायचं, पहिली कमाई कशाची, कोणत्या दुकानात जायला आईने मनाई केली होती? त्या शेवटच्या प्रश्नातून सगळं आपोआप निघतं. मुलाखत दोघादोघांनी घ्यायची, एक विचारतो, दुसरा फोनवर ध्वनिमुद्रण सांभाळतो. लेखी परवानगी आधी. वीस मिनिटांत आजी दमतात. पण उठत नाहीत, म्हणून तुम्हीच थांबवा.

एका आजींनी आपल्या शाळेचं सांगितलं. गोऱ्या शाळेने टाकून दिलेली पुस्तकं यायची, आत दुसऱ्याच मुलांची नावं लिहिलेली. समोर बसलेल्या दहा वर्षांच्या मुलीने वहीतला पुढचा प्रश्न बाजूला ठेवला आणि विचारलं, ‘मग तुम्ही तुमचं नाव कुठे लिहायचात?’ आजी म्हणाल्या, ‘त्यांच्याखाली. मोठ्या अक्षरात.’ एवढ्या प्रशिक्षणातून असा प्रश्न शिकवता आला नसता.

चौथ्या-पाचव्या आठवड्यात प्रत्येक मुलाने एक चित्र आणि खाली दोन ओळी. सहाव्यात प्रदर्शन, आणि ज्यांची मुलाखत झाली त्या सगळ्यांना पहिल्या रांगेत खुर्च्या.

पायरी ७: केस आणि पाणी

अमेरिकेत जलतरण तलावांचा इतिहास लाजिरवाणा आहे. वर्णभेद बंद करा म्हटल्यावर कित्येक शहरांनी तलावच बंद केले किंवा बुजवले. मिसिसिपीतल्या जॅक्सन शहराने असे तलाव बंद केले, आणि १९७१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तेही चालवून घेतलं. ज्या आजीला तलावात जाऊ दिलं नाही तिने मुलीला पोहणं शिकवलं नाही, मुलीने नातीला नाही. २०१७ च्या एका राष्ट्रीय पाहणीत ६४ टक्के कृष्णवर्णीय मुलांना पोहणं अजिबात किंवा फारसं येत नसल्याचं आढळलं. बुडून मरण्याचं प्रमाणही त्यांच्यात जास्त आहे. म्हणून शिबिरात पोहण्याचे धडे ठेवाच, शक्यतो कृष्णवर्णीय प्रशिक्षकाकडून. सिमोन मॅन्युएलने २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये सुवर्ण जिंकलं, वैयक्तिक जलतरणात ते जिंकणारी ती पहिली कृष्णवर्णीय स्त्री. तिचा फोटो तलावाच्या दाराशी लावा.

आता खरी अडचण, केस. वेण्या घालायला कित्येक तास आणि बरेच पैसे लागलेले असतात. क्लोरीनमध्ये ते सगळं वाया जातं. ही नटवेपणाची तक्रार समजून झटकलीत तर मुली ‘पोट दुखतंय’ म्हणून काठावर बसतील. म्हणून मे महिन्यातच पालकांना पोहण्याचे वार कळवा, म्हणजे त्या बेताने वेण्या घालता येतात. तलावात उतरण्याआधी केस साध्या पाण्याने पूर्ण ओले करा आणि वर कंडिशनर चोळा. आधीच भिजलेले केस क्लोरीनचं पाणी कमी पितात. मग टोपी. नेहमीची टोपी जाड वेण्यांवर बसत नाही, मोठ्या मापाची घ्या. अशा मोठ्या टोप्यांना आंतरराष्ट्रीय जलतरण महासंघाने २०२१ मध्ये नकार दिला होता आणि २०२२ मध्ये मान्यता दिली, हे मुलींना सांगा. त्यांना भारी गंमत वाटते. पोहून झाल्यावर धुणं, विंचरणं आणि तेल यासाठी अर्धा तास वेळापत्रकातच धरा. हे काम वस्तीतल्या केस जाणणाऱ्या बायकांनीच करावं. बाकी कोणीही, विशेषतः आपल्या काकू-मावश्यांनी, ‘किती छान, बघू’ म्हणून मुलांच्या केसांना हात लावायचा नाही.

एक दिवस वेण्या घालणारी आणि न्हावी दोघांना बोलवा. कॅलिफोर्नियाने २०१९ मध्ये क्राउन कायदा करून शाळेत आणि नोकरीत नैसर्गिक केसांवरून भेदभाव करायला बंदी घातली, पुढे बऱ्याच राज्यांनी तोच कित्ता गिरवला. तुमच्या राज्यात तो आहे का, हे मोठ्या मुलांनी शोधून सांगावं. सनस्क्रीनही विसरू नका. सावळी कातडीही भाजते, फक्त अंगावर पांढरा थर दिसणारं मलम मुलं लावू देत नाहीत. पारदर्शक जेल आणा.

पायरी ८: अवघड प्रश्न आले की

ते येतातच, बहुधा जेवताना. ‘दुकानात तो माणूस आमच्या मागे मागे का फिरत होता?’ अशा वेळी विषय बदलू नका आणि व्याख्यानही देऊ नका. पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाचे हॉवर्ड स्टीव्हनसन एक साधी रीत शिकवतात: मनात काय वाटतंय आणि एक ते दहात किती, ते शरीरात कुठे जाणवतंय, मनातल्या मनात काय बोललं जातंय, आणि मग श्वास घेऊन सोडायचा. आमचे गटप्रमुख हे मुलांकडून नाटुकल्यातून करून घेतात. सात वर्षांचं मूल ‘आठ, आणि पोटात’ असं सांगू लागलं की अर्धं काम झालं.

घरची माणसं मुलांशी वंश आणि वर्णाबद्दल काय बोलतात, या विषयावरच्या अभ्यासांचा डायान ह्यूज आणि सहकाऱ्यांनी २००६ मध्ये आढावा घेतला. आपल्या संस्कृतीचा अभिमान शिकवण्याचे परिणाम सर्वांत सातत्याने चांगले दिसले. भेदभावाची तयारी करून घेण्याचे संमिश्र. ‘दुसऱ्या वंशाच्या लोकांवर कधीच विश्वास ठेवू नको’ एवढंच शिकवण्यातून फारसं चांगलं निघत नाही. म्हणून सावधगिरी शिकवा, पण त्याच दिवशी संध्याकाळी नाचही ठेवा. पोलिसांबद्दल काय सांगायचं हे मात्र शिबिराने परस्पर ठरवू नये. पालकांच्या बैठकीत विचारूनच.

पायरी ९: खरं काम

सहा वर्षांच्याकडे पाणी वाढणं, नऊ वर्षांच्याकडे हजेरी, बाराच्यांकडे लहानग्यांना वाचून दाखवणं, पंधराच्यांकडे शुक्रवारच्या खाऊचं बजेट. बजेट म्हणजे खरे पैसे, खरी पावती. मी त्यांच्याकडून हिशेब सेंटपर्यंत मागते आणि चुकला तर परत पाठवते.

१९६४ च्या फ्रीडम स्कूलच्या मुलांनी स्वतःची वर्तमानपत्रं काढली होती आणि ऑगस्टमध्ये मेरिडियनला स्वतःची परिषद भरवली होती. तुमच्या मुलांनाही एक नागरी प्रश्न निवडू द्या. त्यांचा प्रश्न हवामानबदलाचा नसला तर नसू दे. आमच्या मुलांनी बसथांब्याला सावली नाही हा प्रश्न घेतला, दुपारी दोनला तिथल्या बाकाचं तापमान मोजलं आणि नगर परिषदेपुढे तीन मिनिटं बोलायची वेळ मागून घेतली. छप्पर अजून झालेलं नाही. पुढच्या बैठकीची तारीख मुलांनीच फळ्यावर लिहून ठेवली आहे.

पालक, आणि शिबिरानंतर

आठवड्यातून एक संध्याकाळ पालकांची. जेवण आणि लहानग्यांना सांभाळायला माणूस, या दोन गोष्टी नसतील तर कोणी येत नाही. भाषण पंधरा मिनिटं, बाकी गप्पा.

शिबिराचा उपयोग झाला का, हे मोजायला प्रश्नावली भरून घेण्याची देणगीदारांना हौस असते. द्या भरून. पण स्वतःसाठी वेगळ्या नोंदी ठेवा: कोण पहिल्या आठवड्यात बोललं नाही आणि चौथ्यात ठेका धरला, किती मुलं उशिरा येण्याऐवजी लवकर यायला लागली, कोणी दुसऱ्याला समजावलं. गटप्रमुखाने रोज दोन ओळी लिहिल्या की पुरे. सहा आठवड्यांत कोणाचं आयुष्य पालटत नाही, तेव्हा महिन्यातून एक शनिवार वर्षभर चालू ठेवता आला तर ठेवा. शेवटच्या दिवशी प्रत्येक मुलाला पुस्तकं घरी न्यायला द्या, आत त्याचं नाव त्यानेच लिहिलेलं.

सप्टेंबरात गटप्रमुखांची बैठक घेऊन काय जमलं, काय फसलं ते लिहून ठेवा. डिसेंबरपर्यंत कोणाला आठवत नाही. आणि जेवणाच्या रोजच्या नोंदी, म्हणजे किती ताटं वाढली, किती उरली, कोणाची सही, हे सगळं तीन वर्षं जपून ठेवावं लागतं. तपासणीला आलेला माणूस आधी तीच फाईल मागतो.